तानपुरा आधीच लागलेला आहे

प्रति,
अध्यक्ष, कार्यवाह आणि कार्यकारिणीचे सर्व सदस्य,
आपली फिल्म सोसायटी

सप्रेम नमस्कार.

संस्थेचं नाव मुद्दाम लिहिलेलं नाही. भांडण घरातलं आहे, आणि ज्यांना ओळखायचं ते ओळखतीलच. पत्र मात्र उघड लिहिते आहे, कारण बंद पाकिटातून दिलेल्या पत्राला तीन आठवडे झाले तरी उत्तर नाही. व्हॉट्सॲपवर तेवढी एक ओळ आली: "ताई, नवीन पिढीसाठी करतोय, टेन्शन घेऊ नका." ती वाचल्यापासून जास्तच घेतलं आहे.

वर्धापनदिनाला तुम्ही रशियन दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्हस्कीचा 'स्टॉकर' दाखवणार आहात. आनंद आहे. पण पोस्टरवर खाली बारीक अक्षरांत लिहिलंय की चित्रपटाचा मूळ आवाज पूर्ण बंद ठेवून सतार, तबला, गिटार आणि कीबोर्ड असे चार वादक पडद्याशेजारी बसून 'भारतीय स्पर्श' असलेलं संगीत थेट वाजवतील. संवाद सबटायटलवर वाचायचे. दोन तास चाळीस मिनिटं. त्या पोस्टरवर दिग्दर्शकाचं नाव आहे, चारही वादकांची आहेत, प्रायोजक सराफांचं तर दिग्दर्शकापेक्षा मोठ्या टायपात आहे. ज्याचा आवाज तुम्ही बंद करणार आहात, त्याचं नाव कुठेच नाही.

त्याचं नाव एदुआर्द आर्तेम्येव, 'स्टॉकर'चा संगीतकार.

मला यात बोलायचा अधिकार काय, असं कुणी विचारायच्या आत सांगते. मी चौतीस वर्षं तानपुऱ्यावर बसते आहे. गाते थोडंफार, पण लोकांनी मला पाहिलंय ते गायकाच्या मागे. निवेदक तबलजींचं नाव घेतो, पेटीवाल्यांचं घेतो, आणि "तानपुऱ्याची साथ त्यांच्या शिष्या करत आहेत" एवढं म्हणून मोकळा होतो. वाईट वाटत नाही असं नाही, पण सवय होते. तानपुऱ्याचं कामच तसं आहे. तो वाजतोय हे कुणाच्या ध्यानात येता कामा नये, आणि थांबला तर मात्र सगळी बैठक पोकळ वाटली पाहिजे.

'स्टॉकर' मी पहिल्यांदा पाहिला तो तुमच्याकडेच, नव्वदच्या दशकात, शाळेच्या हॉलमध्ये, डोक्यावर पंखे घरघरत असताना. सुरुवातीची नावं पडद्यावर यायला लागली आणि मांडीवरची माझी बोटं आपसूक हलायला लागली. मधलं बोट, मग तर्जनी, तर्जनी, तर्जनी. शेजारच्या मैत्रिणीने हात धरून थांबवलं. मला वाटलं, सवय, दुसरं काय. रशियन सिनेमात तानपुरा कुठून येणार? घरी सांगितलं तर सगळे हसले.

पुष्कळ वर्षांनी आर्तेम्येवने सांगितलेली हकिकत वाचनात आली, तेव्हा कळलं की बोटांचं काही चुकलं नव्हतं.

ती हकिकत तुम्हाला सांगायलाच हवी, कारण माझी मुख्य तक्रार तिच्यातच आहे. 'स्टॉकर'साठी तारकोव्हस्कीच्या मनात पूर्व आणि पश्चिम एकत्र आणायची कल्पना घोळत होती. आर्तेम्येवने चौदाव्या शतकातली एक इटालियन रचना सुचवली, 'पुल्केरिमा रोझा'. मेरी मातेची स्तुती, रचनाकार अज्ञात. तारकोव्हस्कीला ती जशीच्या तशी नको होती, तिला पूर्वेचा रंग हवा होता. मग अझरबैजानहून तारवादक बोलावला. तार म्हणजे तिकडचं तंतुवाद्य. आपल्या सतारीच्या नावात तोच शब्द दडलेला आहे. या वादकाने मुगाम पद्धतीने, म्हणजे तिकडची रागदारीच म्हणा ना, त्या इटालियन सुरावटीवर विस्तार केला. मागे आर्तेम्येवने लिहिलेला वाद्यवृंद. एरवी ध्वनिमुद्रणाला पूर्ण वेळ न बसणारा तारकोव्हस्की या वेळी शेवटपर्यंत बसला, आणि सगळं ऐकून झाल्यावर म्हणाला, हे नाही.

ज्यांनी कधी बैठकीची तयारी केली आहे त्यांना या दोन शब्दांचं वजन कळेल. वादक झाले, वाद्यवृंद झाला, आणि पुन्हा पाटी कोरी.

दोघं पुन्हा बोलायला बसले. हवं होतं ते असं काहीतरी, ज्याने आत शांतता पसरेल पण झोप लागणार नाही. अवकाश गोठलेला असावा आणि तरी तोललेला, ताणलेला असावा. इथे आर्तेम्येवला भारतीय शास्त्रीय संगीत आठवलं. खाली तानपुऱ्याचा एकच नाद, न बदलणारा, न तुटणारा, आणि वर बाकीचं सगळं. गोठलेला अवकाश म्हणजे हाच, असं त्याला वाटलं. त्याने सिंथेसायझरवर तसा नाद तयार केला. त्याच्यावर तार आली आणि पश्चिमेची म्हणून बासरी आली. दोन्हींमधला सांधा उघडा पडू नये म्हणून त्याने ती 'सिंथी १००' या ब्रिटिश यंत्राच्या निरनिराळ्या मार्गांतून फिरवली. बासरीचा आवाज बदलला, तारेची गती कमी केली. का, तर त्याच्या शब्दांत, 'एका तारेचं आयुष्य' ऐकू यावं म्हणून.

हे शब्द मी वाचले आणि पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहिले. तानपुऱ्याच्या घोडीवर तार टेकते तिथे आम्ही एक बारीक धागा सरकवतो. तो केसाएवढा इकडे-तिकडे झाला की बंद असलेला आवाज उघडतो, आणि एका स्वरातून त्याची सगळी पिलावळ बाहेर पडते. षड्जाच्या तारेत गंधार ऐकू येतो, तो कुणी वाजवलेला नसतो. जवारी म्हणतात ती हीच. मिरजेच्या सतारमेकर गल्लीत घोडीवर कानस फिरवत बसलेल्या कारागिराला 'एका तारेचं आयुष्य' म्हणजे काय हे समजावून सांगावं लागणार नाही. २०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा आपल्या ग्रुपवर पेढ्यांचे फोटो फिरले होते. मॉस्कोतल्या एका संगीतकाराने त्या वाद्याचं मर्म १९७९ च्या एका चित्रपटात नेऊन ठेवलंय, हे मात्र आपल्यापैकी कुणी बोललं नाही.

म्हणजे बघा काय होतंय ते. 'स्टॉकर'मध्ये भारतीय स्पर्श आहेच. तो तळाशी आहे, पायात घातलेल्या दगडासारखा. तुम्ही तो पुसणार, आणि त्या जागी वरून भारतीय स्पर्श लावणार.

कार्यवाह मला फोनवर म्हणाले होते, "त्यात तसंही संगीत फारसं नाहीच हो, आवाजच आहेत नुसते." हे वाक्य मी विसरू शकलेले नाही. या माणसाच्या कामाला याहून मोठी दाद मिळणं अवघड आहे, आणि ते म्हणणाऱ्याला त्याचा पत्ताही नव्हता. तारकोव्हस्कीचं ठाम मत होतं की चित्रपटाला खरं तर वरून लावलेल्या संगीताची गरज नसावी, आणि इलेक्ट्रॉनिक संगीत वापरायचं तर त्याला यंत्राचा वास येता कामा नये. 'सोलारिस' या आधीच्या अंतराळपटाच्या वेळी त्याने आर्तेम्येवला जवळजवळ हेच सांगितलं होतं: सुरावटी नकोत, संगीतकाराचा कान हवा. पावसाचा, गवताचा, यानाच्या भिंतींचा आवाज असा बांध की ऐकणाऱ्याला तो जगाचाच वाटावा. किती संगीतकार हे ऐकून घेतील? आपल्याकडचा कुणी असता तर पेटी बंद करून चहा न घेता उठला असता.

आर्तेम्येव उठला नाही, कारण त्याची तयारी वेगळी झाली होती. जन्म ३० नोव्हेंबर १९३७, सायबेरियातल्या नोव्होसिबिर्स्कचा. शिक्षण मॉस्कोच्या कॉयर स्कूलमध्ये, म्हणजे पाया गळ्याचा, समूहगानाचा. पुढे मॉस्को कॉन्झर्व्हेटरीत युरी शापोरिन यांच्याकडे रचनाशास्त्र, १९६० मध्ये पदवी. इथपर्यंत सगळं सरळ. एखाद्या ऑपेरागृहाची नाही तर निदान शिक्षकाची नोकरी, एवढं भविष्य समोर दिसत असणार. मग त्याची गाठ येवगेनी मुर्झिनशी पडली.

मुर्झिन संगीतकार नव्हता, लष्करी इंजिनियर होता. पण वेड रशियन संगीतकार स्क्र्याबिनचं. त्या वेडापायी १९३० च्या दशकाच्या अखेरीपासून एक यंत्र डोक्यात घेऊन हा माणूस हिंडत होता, आणि ते उभं राहायला वीस वर्षं लागली. यंत्राला नाव दिलं 'आन्स': अलेक्झांडर निकोलायेविच स्क्र्याबिन यांची आद्याक्षरं. आपण देवाचं नाव दुकानाला देतो तसं.

या यंत्राला पट्ट्या नाहीत. काचेची एक मोठी पाटी असते, तिच्यावर न सुकणारा काळा लेप. त्या लेपावर ओरखडे काढायचे. ओरखड्यातून प्रकाश आत जातो, आत फिरणाऱ्या चकत्यांवर स्वरांच्या रेघा छापलेल्या, आणि पलीकडे त्या प्रकाशाचा आवाज होतो. पाटीवर वर-खाली म्हणजे स्वराची उंची, डावी-उजवीकडे म्हणजे काळ. शुद्ध स्वर ७२०. एका सप्तकाचे ७२ भाग. आपल्याकडे श्रुती बावीस की कमी-जास्त यावर पिढ्यान् पिढ्या वाद घालतात. इथे एका इंजिनियरने बहात्तर पाडून ठेवले आणि म्हणाला, घ्या, ओढा रेघ. संगीतकाराने लिहिलं तेच वाजलं, मध्ये वादक नाही. चूक झाली तर लेप पुन्हा सारवून घ्यायचा.

सिनेमावाल्यांनी खरं तर या यंत्रावर जीव टाकायला हवा. फिल्मच्या कडेला जो आवाज असतो तो प्रकाशाचाच की. पोरपणी आपण ज्या रिळांचे तुकडे गोळा करायचो, त्यांच्या कडेची ती नागमोडी पांढरी रेघ आठवा. मुर्झिनने तीच रेघ संगीतकाराच्या हातात दिली. मॉस्कोतल्या स्क्र्याबिनच्या घरात, जिथे आता संग्रहालय आहे, या यंत्राभोवती एक स्टुडिओ उभा राहिला. श्निट्के, गुबायदुलिना, देनिसोव्ह ही संगीतकार मंडळी तिथे येऊन काम करून गेली. आर्तेम्येव मात्र मुक्कामालाच राहिला म्हणायला हरकत नाही. १९६३ मध्ये 'मेच्ते नाव्स्त्रेचू' या अंतराळपटात त्याने आन्सचे आवाज पुरवले. संगीतकार म्हणून मुख्य नाव वानो मुरादेलीचं होतं. १९६९ मध्ये त्याने आन्सवर 'नादाच्या जगाकडे बारा नजरा' अशा अर्थाच्या नावाची रचना केली. कल्पना अशी की नाद एकच घ्यायचा आणि त्याचीच रूपं दाखवत जायचं. तुम्हाला ही कल्पना ओळखीची वाटली नाही, तर कधीतरी सकाळी रियाजाला येऊन बसा.

मुर्झिन १९७० मध्ये गेला. त्यानंतर स्टुडिओही फार टिकला नाही. यंत्र मात्र वाचलं, आज ते मॉस्कोच्या संगीत संग्रहालयात आहे.

इथे माझी एक अडचण कबूल करते, म्हणजे नंतर कुणी तोंडावर फेकायला नको. यंत्राने माझं काम खाल्लं आहे. आता निम्म्या बैठकांना तानपुऱ्याची इलेक्ट्रॉनिक पेटी असते, घरच्या रियाजाला फोनवरचं ॲप. त्या पेटीचा मला राग आहे. ती सुरात असते, पण तिचं आयुष्य नसतं. तेच चार टणत्कार फिरून फिरून. म्हणून सिंथेसायझरवर तानपुरा काढणाऱ्या माणसाची बाजू मी घेते याचं मलाच नवल वाटायचं. पण 'स्टॉकर'मधला तो नाद फिरून फिरून येत नाही. तो श्वास घेतो. पेटीवाल्यांनी तानपुऱ्याची नक्कल केली. याने नक्कल केली नाही, तानपुरा गायकासाठी काय करतो ते ओळखलं आणि तेच पडद्यासाठी केलं.

आता तक्रारी.

गेल्या वर्षी 'सोलारिस' दाखवलात तेव्हा माहितीपत्रकात छापलं होतं, 'संगीत: बाख'. बाख आहेच त्यात, एक कोराल प्रील्यूड पुन्हा पुन्हा येतो आणि प्रत्येक वेळी पोटात तुटतं. पण शेवटाकडे त्या बाखवर जे थर चढत जातात ते बाखचे नाहीत. टोकियोच्या रस्त्यांवरून गाडी धावते त्या लांबलचक प्रसंगात वाहतुकीच्या आवाजातून हळूहळू जे काही उगवतं आणि अंगावर येतं, ते अठराव्या शतकातल्या जर्मनीत लिहिलेलं नसणार एवढं तरी लक्षात यायला हरकत नव्हती. मी त्याच दिवशी चूक दाखवली. "पुढच्या वेळी बघू" म्हणालात. पुढची वेळ म्हणजे हे पोस्टर.

त्याच्या आधीची गोष्ट ट्रॉलीची. हिच्याबद्दल मी आजवर गप्प होते. 'स्टॉकर'मध्ये तिघं जण रुळांवरच्या मोटार-ट्रॉलीवर बसून 'झोन'मध्ये, म्हणजे जायला बंदी असलेल्या प्रदेशात, शिरतात. चारेक मिनिटं कॅमेरा त्यांच्या मानांवर, चेहऱ्यांच्या कडांवर. संवाद नाहीत. ऐकू येतो तो रुळांच्या सांध्यांचा खडखडाट. आणि मग तो खडखडाट हळूहळू रुळांचा राहत नाही. त्याला घुमारा येतो, त्याचे काठ विरघळतात, कधी तो यंत्राचा झाला आणि कधी आपल्या डोक्यातला झाला ते सांगता येत नाही. चित्र अजून त्या मातकट, करड्या रंगातच असतं, पण कानांनी सीमा ओलांडलेली असते. रंग त्यानंतर येतो. आर्तेम्येव आणि ध्वनी सांभाळणारे व्लादिमीर शारून यांच्या कामातला हा असा टप्पा आहे की मी तो दाखवायला माझ्या दोन विद्यार्थिनींना मुद्दाम घेऊन आले होते. नेमका तिथे हॉलचा आवाज अर्ध्यावर आला. कुणीतरी ऑपरेटरला जाऊन सांगितलं होतं, "स्पीकरमध्ये खरखर येतेय, कमी कर." त्या पोराचा दोष नाही, त्याला कुणी काही सांगितलेलंच नव्हतं. पण मागच्या रांगेत कार्यकारिणीचे तिघं बसले होते. तुम्हालाही ती खरखरच वाटली.

नावं येताना दिवे चालू ठेवणं, सूचना करणं, मोबाइल बंद करा म्हणून मोबाइलपेक्षा मोठ्याने सांगणं, हे तर नेहमीचंच. 'स्टॉकर'चा तो तानपुरा नावांवरच आहे. तुम्ही त्याच्यावर वार्षिक वर्गणीची आठवण केली होती.

आणि एक राहिलंच. आर्तेम्येव २९ डिसेंबर २०२२ रोजी मॉस्कोत वारला, पंचाऐंशी वर्षांचा होऊन. तारकोव्हस्की पॅरिसमध्ये गेला तो १९८६ मध्ये, तारीख हीच, २९ डिसेंबर. छत्तीस वर्षांचं अंतर, दिवस एक. दर वर्षी आपण त्या तारखेला तारकोव्हस्कीचा फोटो ग्रुपवर टाकतो. २०२२ लाही टाकला. खाली आर्तेम्येव गेल्याची बातमी मी टाकली, तर तिच्यावर एक हात जोडलेला इमोजी आला, आणि पुढे कुणाच्या तरी नातवाच्या बारशाचे फोटो.

सभेत कुणीतरी त्याला 'साउंड इफेक्टवाला' म्हटल्याचं कानावर आलं. मग थोडं त्याच्या दुसऱ्या बाजूबद्दल. रशियात रस्त्यावरच्या माणसाला आर्तेम्येव म्हटलं तर त्याला सिंथेसायझर आठवणार नाही. त्याला ट्रम्पेटवरची ती धून आठवेल, दिग्दर्शक निकिता मिखाल्कोव्हच्या १९७४ च्या पहिल्या चित्रपटातली. नावाचा अर्थ 'परक्यांत आपला, आपल्यांत परका' असा काहीसा. शीळ घालता येते अशी धून. त्यानंतर मिखाल्कोव्हने त्याला सोडलं नाही: चेखॉव्हवरचा 'मेकॅनिकल पियानो', 'बर्न्ट बाय द सन' ज्याला ऑस्कर मिळालं, 'बार्बर ऑफ सायबेरिया'. मिखाल्कोव्हचे थोरले बंधू आंद्रेई कोंचालोव्हस्की यांच्या 'सायबेरियाड'ला कान चित्रपट महोत्सवात ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं, संगीत याचंच. तो चित्रपट आणि 'स्टॉकर' एकाच वर्षी, १९७९ मध्ये आले. एकीकडे अंगावर धावून येणारं, ढोल पिटणारं संगीत आणि दुसरीकडे असा नाद की तो आहे हेच कळू नये, माणूस एकच. पुढच्या वर्षी मॉस्को ऑलिंपिकसाठी मोठी समूहरचना. हॉलिवूडमध्येही काही वर्षं काम केलं. कोंचालोव्हस्कीच्याच १९९१ च्या 'द इनर सर्कल'चं संगीत त्याचं आहे. ती स्टालिनला सिनेमे दाखवणाऱ्या प्रोजेक्शनिस्टची गोष्ट आहे, आपल्या ऑपरेटरला जरूर दाखवा. दोस्तोयेव्हस्कीच्या कादंबरीतल्या रास्कोल्निकोव्हवरचा ऑपेरा तर तो कित्येक वर्षं घोळवत बसला होता. २०१६ मध्ये मॉस्कोत तो रंगमंचावर आला तेव्हा गडी अठ्ठ्याहत्तर वर्षांचा होता.

यातलं सगळंच मला आवडतं असं नाही. मिखाल्कोव्हच्या नंतरच्या चित्रपटांत व्हायोलिनं जरा जास्तच रडतात असं माझं मत आहे. पण ज्याला हुकमी धून बांधता येत होती, त्याने तारकोव्हस्कीच्या तीन चित्रपटांत, 'सोलारिस', 'मिरर' आणि 'स्टॉकर'मध्ये, ती जपून, झाकून ठेवली, हे मुद्दाम पाहण्यासारखं आहे. येत नाही म्हणून गप्प बसणं वेगळं.

तुमची बाजूही मी ऐकली आहे. मूकपटांना थेट वादनाची परंपरा आहे, फाळक्यांच्या काळी पडद्यापुढे पेटी-तबला वाजायचा, तेच आम्ही पुढे नेतोय, असं अध्यक्ष म्हणाले. मूकपटाबद्दल मान्य. मूकपटाने वादकासाठी पाट मांडून ठेवलेला असतो. 'स्टॉकर'मध्ये पाट रिकामा नाही, त्यावर माणूस बसलेला आहे, त्याला उठवून तुम्ही दुसऱ्याला बसवताय. नवीन पिढी कंटाळते, हेही ऐकलं. माझ्या दोन विद्यार्थिनी, एक एकोणीसची, एक बावीसची. त्या दिवशी आवाज कमी झाल्यावर मागे वळून "कुणी बंद केलं?" असं ओरडणारी ती एकोणीसची होती.

माझं मागणं फार नाही.

वर्धापनदिनाला 'स्टॉकर' त्याच्या मूळ आवाजात दाखवा. मूळ ध्वनी मोनो, म्हणजे एकाच वाटेचा आहे, तो मोनोच असू द्या. डीव्हीडीसाठी नंतर केलेलं सहा वाटांचं मिश्रण काही प्रतींवर आहे, त्यात नसलेले आवाज घुसवल्याबद्दल जगभरच्या रसिकांनी तेव्हाच बोंब मारली होती. प्रत घेताना तेवढं तपासा. तपासायला मी येते.

पोस्टर नव्याने छापा. 'संगीत: एदुआर्द आर्तेम्येव' आणि 'ध्वनी: व्लादिमीर शारून' ही दोन नावं दिग्दर्शकाच्या खाली, सराफांच्या वर. छपाईचा वाढीव खर्च मी देईन, पावती फाडा.

नावं सुरू व्हायच्या आत दिवे बंद, दार बंद, माइक बंद. आणि शेवटी टेबलावर पेले सरकतात, आगगाडी धडधडत जाते, तिच्या आत बीथोव्हेन ऐकू येतो, तोवर चहाच्या किटल्या आत आणू नका. ऑपरेटरला आदल्या दिवशी एकदा पूर्ण चित्रपट दाखवा, आणि कुठे खरखर वाटेल ते लिहून द्या. त्याचा हा हक्क आहे.

येत्या २९ डिसेंबरला फोटो टाकाल तेव्हा दोघांचे टाका. जमलं तर त्या आठवड्यात आर्तेम्येवची एक संध्याकाळ करा: 'सोलारिस' आणि त्या आधी अर्धा तास आन्स या यंत्राबद्दल माहिती. बोलायला कुणी मिळालं नाही तर मी बोलेन, मानधन नको.

कार्यकारिणीची सभा पंधरा तारखेला आहे असं कळलं. हे पत्र त्या सभेत वाचून दाखवावं, आणि निर्णय काय झाला तो सभासदांना लेखी कळवावा. व्हॉट्सॲपवर नको.

कळावे, लोभ आहेच.

तुमचीच,
एक आजीव सभासद

ता. क. त्या चार वादकांविरुद्ध माझं काहीच म्हणणं नाही. सतार वाजवणारा मुलगा माझ्या ओळखीचा आहे, हात तयार आहे त्याचा. त्यांना स्वतंत्र दिवस द्या, एखादा मूकपट द्या, मी पहिल्या रांगेत बसेन. तानपुऱ्याला कुणी नसेल तर मागेही बसेन. पत्रिकेत नाव छापायचं की नाही ते तुम्ही ठरवा.